खांबेट्यांच्या वतीने

यज्ञेश्वर खांबेटे यांनी दादामियाँ परकार यांना कधी पाहिलं नव्हतं. त्यांचा आवाजही ऐकला नव्हता. तरी वीस-बावीस वर्षं दर रविवारी सकाळी दोघे बोलत होते. खांबेटे नारायण पेठेत तिसऱ्या मजल्यावर, स्वयंपाकघरालगतच्या बंदिस्त गॅलरीत बसून मोर्सची पितळी कळ दाबत. दाभोळच्या खाडीकाठी दादामियाँच्या हेडफोनमध्ये आखूड आणि लांब शिट्या वाजत. आखूड म्हणजे टिंब, लांब म्हणजे रेघ. टिंबं आणि रेघा मिळून अक्षर होई, अक्षरांचे शब्द होत. लिपी इंग्रजी असे, भाषा मराठी. विषय साधे असत: हवा, आंबा, पेन्शन, गुडघा, एरियलची तार कावळ्यांनी कशी वाकवली.

या छंदाला सरकारी परवाना लागतो. परीक्षा द्यावी लागते, मग स्टेशनचं नाव मिळतं, आणि त्या नावाने फक्त परवाना असलेल्या माणसानेच बोलायचं असतं. खांबेट्यांनी ही परीक्षा छापखान्यातली नोकरी सांभाळून दिली होती. ते मुद्रितशोधक होते. नोकरीभर दुसऱ्यांच्या चुका काढणं हेच त्यांचं काम होतं आणि ते त्यांना आवडे. शब्दांमधली मोकळी जागा हा त्यांचा खास विषय होता. एका ओळीत ती कमी आणि दुसऱ्या ओळीत जास्त पडलेली दिसली, की ते कंपोझिटरला परत बोलावत, मग तो डबा उघडून जेवायला बसलेला का असेना.

दादामियाँ व्यापारी जहाजांवर रेडिओ ऑफिसर होते. निवृत्त होऊन गावी आले तेव्हा इंजिनांच्या आवाजाने आणि वयाने त्यांचे कान निम्मे गेले होते. माणसांचं बोलणं त्यांना ऐकू येत नसे. हेडफोन मोठा केला की शिट्टी मात्र स्वच्छ ऐकू येई. ‘सून जेवायला हाक मारते ते ऐकू येत नाही, सिंगापूर ऐकू येतं,’ असं त्यांनीच एकदा कळवलं होतं.

मोर्सवाल्यांमध्ये ‘हात’ नावाची एक गोष्ट असते. कळ दाबण्याची प्रत्येकाची ढब वेगळी असते. कोणाची टिंबं घाईची, कोणाच्या रेघा आखूड, कोणी अक्षराअक्षरांत श्वास घेतो. सवयीच्या कानाला नाव सांगावं लागत नाही, दोन शब्दांत माणूस ओळखू येतो. खांबेट्यांचा हात शेवटच्या रेघेवर किंचित रेंगाळे आणि आपल्या स्टेशनच्या नावातलं शेवटचं अक्षर वाजवण्याआधी क्षणभर थांबे. ‘तुम्ही कुलूप लावून पुन्हा ओढून बघणाऱ्यांतले,’ असं दादामियाँ त्यावर म्हणाले होते. एकदा तर खांबेट्यांनी नुसतं ‘सुप्रभात’ वाजवलं, आणि तिकडून प्रश्न आला, ‘ताप आहे का?’ ताप होता.

हाताच्या बाबतीत दादामियाँ कडक होते. त्यांच्या ओळखीच्या एका माणसाचं स्टेशनचं नाव वापरून मुंबईचा कोणी दुसराच बोलायला लागला, तेव्हा त्यांनी त्याला एका ओळीत सांगितलं, ‘हा हात त्यांचा नाही,’ आणि सेट बंद केला. जहाजावरची शिस्त होती ती. परवाना नसलेल्याशी बोलणं म्हणजे आपलाही परवाना पणाला लावणं, असं ते मानत.

खांबेट्यांचा उजवा हात निवृत्तीनंतर तीनेक वर्षांनी बिघडायला लागला. स्वस्थ मांडीवर ठेवला की थरथरे. कामाला लावला की थरथर कमी होई, पण मग तो आखडे. डॉक्टरांनी चालायला लावलं, कागदावर एक वाक्य लिहायला लावलं, आणि कंपवात म्हणून सांगितलं. त्या वाक्यातलं पहिलं अक्षर नेहमीच्या आकाराचं होतं आणि शेवटचं मोहरीएवढं. कागद डॉक्टरांनी ठेवून घेतला. खांबेट्यांना तो परत हवा होता, कारण त्यात एक वेलांटी राहिली होती.

मोर्समध्येही तेच व्हायला लागलं. पहिला शब्द ठीक येई, पुढे टिंबं एकमेकांना चिकटत, रेघांची टिंबं होत. दादामियाँ ‘पुन्हा’ म्हणत. मग ‘पुन्हा’ जास्त वेळा यायला लागलं.

“त्यांना सांगून टाका,” सुहासिनीबाई म्हणाल्या. खांबेट्यांच्या पत्नी. नगरपालिकेच्या शाळेत पहिली-दुसरीचे वर्ग घेऊन निवृत्त झालेल्या.

“बरं वाटलं की सांगू.”

“कंपवाताला बरं वाटतं असं कुठल्या डॉक्टरांनी सांगितलंय?”

खांबेट्यांनी सांगितलं नाही. दादामियाँना आपली अडचण कळवायची म्हणजे एक चूक आपणहून छापून पाठवायची, असं त्यांना वाटत असावं. त्यांची दुसरी कुठली बैठक नव्हती. छापखान्यातले सोबती पांगले होते, मुलगी बडोद्याला होती, आणि बोलताना आवाज इतका खाली गेला होता की दुकानदार सुहासिनीबाईंकडे बघून “काय म्हणतायत?” असं विचारत. कोणी ‘पुन्हा’ न म्हणता ज्यात बोलता यावं अशी एकच जागा उरली होती, रविवारची सकाळ. ती जाणार होती. म्हणून त्यांनी कीयर करायचं ठरवलं.

कीयर म्हणजे टिंबं आणि रेघा स्वतः तयार करणारं यंत्र. माणसाने एका बाजूची पट्टी दाबली की ते मोजून टिंब वाजवतं, दुसऱ्या बाजूची दाबली की मोजून रेघ. हात किती वेळ दाबून राहिला, थरथरला की नाही, याला महत्त्व राहत नाही. खांबेट्यांनी जुन्या परदेशी मासिकातला सर्किटचा नकाशा घेतला आणि त्यात आपल्या हातासाठी एक भर घातली: क्षणभराच्या स्पर्शाला यंत्राने जुमानायचंच नाही, म्हणजे थरथर गाळली जाईल.

आयसी, म्हणजे इलेक्ट्रॉनिक चिप, आणि बाकी सामान आणायला दोघे तापकीर गल्लीत गेले. दुकानदार दिगंबर हा माणूस गिऱ्हाईक आलं की त्रास झाल्यासारखा मान वर करी.

“आयसी परत घेतला जाणार नाही,” तो म्हणाला.

“मी अजून घेतलाच कुठे आहे?” खांबेटे म्हणाले.

“काय म्हणतायत?” दिगंबरने सुहासिनीबाईंना विचारलं.

“अजून घेतलाच कुठे आहे, असं म्हणतायत.”

“आधी सांगितलेलं बरं असतं.”

पट्ट्या करवतीच्या पात्याच्या झाल्या. पात्याचे दोन तुकडे, पाठीला पाठ लावून शिशाच्या जड ठोकळ्यावर बसवलेले, म्हणजे हाताच्या धक्क्याने ठोकळा सरकू नये. शिसं छापखान्यातलं होतं, अक्षरांच्या वितळवलेल्या खिळ्यांचं. निवृत्तीच्या वेळी मालकांनी ते त्यांना हसत हसत दिलं होतं. पट्ट्यांच्या या जोडीपर्यंतचं, म्हणजे पॅडलपर्यंतचं काम खांबेट्यांनी डाव्या हाताने आणि कानशीने, रोज थोडं थोडं करून पुरं केलं. पण आयसीच्या बारीक पायांना डाग द्यायची वेळ आली तेव्हा त्यांनी तापलेला सोल्डरिंग आयर्न दोनदा उचलला आणि दोनदा ठेवून दिला.

“आणा इकडे,” सुहासिनीबाई म्हणाल्या. “हे झुरळ कुठल्या तोंडाने बसवायचं?”

“खाच डावीकडे. आणि ते झुरळ नाही.”

“सोळा पाय आहेत, म्हणजे झुरळाहून वाईट. कुठे डाग देऊ?”

“तिसऱ्या पायावर. आयर्न आधी पायाला लावायचा, मग कथील. कथील आयर्नला लावायचं नाही.”

“का?”

“डाग वरून चकाकतो, आतून धरत नाही.”

त्या शिकल्या. आधी डाग लाडवाएवढे पडत, मग मसुरीएवढे झाले. खांबेटे शेजारी बसून प्रत्येक डाग भिंगातून तपासत आणि बोट ठेवून दाखवत, “हा पुन्हा.” काही वेळा डाग चांगला असे आणि तेही त्यांना कळत असे. तरी ते म्हणत. सुहासिनीबाई पुन्हा देत.

यंत्र वाजायला लागलं तेव्हा दुसरा कोणी थांबला असता. खांबेट्यांनी ऐकलं आणि त्यांना अक्षरांमधल्या जागा खटकल्या. टिंबं, रेघा एकसारख्या येत होत्या, पण एक अक्षर संपून दुसरं सुरू होईपर्यंतचा वेळ अजून त्यांच्या हातात होता आणि तो कमीजास्त होत होता. त्यांनी नकाशा पुन्हा काढला. जागाही यंत्रानेच मोजून सोडाव्यात, अशी सोय त्यात होती. तीन आयसी वाढणार होते.

“टिंबं यंत्राची, रेघा यंत्राच्या,” सुहासिनीबाई म्हणाल्या. “मधल्या जागा तरी तुमच्या राहू देत.”

“माझ्या सारख्या पडत नाहीत.”

“नाही पडल्या तर काय बिघडलं? कुठे छापून यायचंय?”

“वाचणाऱ्याला त्रास होतो.”

“वाचणाऱ्याने तक्रार केलीय का?”

गेले काही महिने दादामियाँचं ‘पुन्हा’ बंद झालं होतं, हे खरं होतं. खांबेट्यांनी त्याचा अर्थ औषध लागू पडतंय असा घेतला होता. तरीही तीन आयसी आणले, डाग दिले. दादामियाँना त्यांनी आधीच कळवून ठेवलं होतं की एरियलचं काम काढलंय, काही रविवार भेट होणार नाही. शेवटी यंत्र पुरं झालं आणि त्यातून निघालेलं वाक्य छापल्यासारखं होतं. एकही जागा कमी नाही, एकही जास्त नाही. खांबेट्यांनी ते बराच वेळ ऐकलं. मासिकाच्या कुठल्याच पानावर लिहिलेलं नव्हतं की या सोयीनंतर वाक्यात माणसाचं काय उरतं.

पहिल्या रविवारी त्यांनी सेट तापवला, दादामियाँना हाक दिली, आपल्या स्टेशनचं नाव दिलं. उत्तर लगेच आलं. दादामियाँचा हात संथ, गोल, लाटेसारखा होता.

‘सुप्रभात. कोण आहे?’

‘खांबेटे. नवीन यंत्र केलं आहे.’

‘खांबेट्यांना द्या.’

‘मीच आहे.’

 तिकडून प्रश्न आला, ‘मागच्या पावसात मी कुठलं झाड तोडलं?’

‘विहिरीजवळचा फणस. सुनेने अबोला धरला होता.’

‘बरोबर. म्हणजे ते शेजारी बसले आहेत. त्यांना सलाम सांगा. तुमच्याकडे परवाना आहे?’

‘मी यज्ञेश्वर.’

‘परवाना नसेल तर बोलता येणार नाही, माफ करा. खांबेटे बरे झाले की त्यांनाच बसवा. मी वाट बघतो.’

शिट्टी थांबली. खांबेट्यांनी आणखी दोनदा हाक दिली. हाक अगदी स्वच्छ गेली.

सुहासिनीबाई चहा घेऊन आल्या. “काय म्हणाले?”

“मला सलाम सांगितलाय,” खांबेटे म्हणाले.

पुढच्या रविवारी त्यांनी यंत्राची वायर काढून जुनी पितळी कळ जोडली. औषध घेतल्यावर थोड्या वेळाने हात अर्धा-पाऊण तास बरा राहतो, हे त्यांनी हेरून ठेवलं होतं. त्या हिशेबाने गोळी घेतली. स्टेशनचं नाव बरं वाजलं. शेवटच्या अक्षराआधी ते थांबलेही, पण त्या थांबण्यात हात जागच्या जागी अडकला. तो सुटला तेव्हा टिंबांची माळ बाहेर पडली. त्यांनी पुन्हा सुरुवात केली. ‘मी’ गेला, ‘खांबेटे’मधला निम्मा गेला.

दादामियाँनी संपेपर्यंत ऐकून घेतलं. मग हळू, सुटी सुटी अक्षरं वाजवत म्हणाले, ‘कोणाचं मूल आहे? मुलाला एवढ्यात कळ देऊ नका. हाताला वाईट वळण लागतं.’ शिकाऊ मुलांशी बोलताना वाजवतात तसं ते वाजवलेलं होतं. खांबेट्यांनी कळीवरचा हात काढला. तो मांडीवर येऊन थरथरायला लागला.

धायरीला राहणारे माधव गोगावले यांच्याकडेही परवाना होता. खांबेट्यांनी त्यांना मध्ये घातलं. गोगावल्यांनी दादामियाँना मोर्सवर गाठून सांगितलं की मी त्यांच्या घरी स्वतः जाऊन आलो, यंत्र पाहिलं, बोलतात ते खांबेटेच. दादामियाँचं उत्तर त्यांनी खांबेट्यांना जसंच्या तसं आणून दिलं: ‘तुम्ही भला माणूस आहात. आजारी माणसाचं मन राखताय. राखा.’

“आपणच जाऊन येऊ,” सुहासिनीबाई म्हणाल्या. “स्वारगेटहून एसटी आहे. समोर बसून वाजवा.”

“नको.”

“का?”

“हात बघतील.”

“अहो, मग बघू देत की.”

 खांबेटे भिंतीकडे बघत राहिले. या आजारात चेहऱ्याचे स्नायूही आखडतात, त्यामुळे ते रागावले आहेत, की ऐकलंच नाही, की विचार करतायत, हे आताशा सुहासिनीबाईंनाही सांगता येत नसे. एसटीचा विषय पुन्हा निघाला तेव्हाही उत्तर तेच होतं.

राहिलं पत्र. खांबेटे स्वतः लिहायला बसले. पोस्टकार्डाच्या पहिल्या ओळीतच अक्षर मुंगीसारखं बारीक होत गेलं. मग त्यांनी सांगितलं आणि सुहासिनीबाईंनी लिहिलं, शाळेच्या फळ्यावर असतं तशा गोल, टपोऱ्या अक्षरात: ‘मला कंपवात झाला आहे. हात चालत नाही. म्हणून कीयर केला आहे. रविवारी बोलतो तो मीच. कृपया विश्वास ठेवावा.’ खाली सही मात्र खांबेट्यांनी केली. ती करायला वेळ लागला.

दादामियाँचं उत्तर आठवड्याभरात आलं. वर ‘सौ. सुहासिनीवहिनी यांस’ असं होतं.

सुहासिनीबाईंनी मोठ्याने वाचलं. “‘पत्र पोचले. सगळे समजले. ते म्हणतात तसे तुम्ही लिहिलेत, लिहायलाच हवे. खालची सही बघून वाईट वाटले. तुम्ही त्यांच्यासाठी मोर्स शिकलात हे मी पहिल्याच दिवशी ओळखायला हवे होते. इतक्या नीटस जागा आम्हा पुरुषांच्या हातून पडत नाहीत.’”

इथे त्या थांबल्या आणि पदर तोंडाला लावून हसल्या. “माझं अक्षर तुमच्यापेक्षा बरं, हे चाळीस वर्षांनी एका माणसाने तरी ओळखलं. तेही न बघता.”

“पुढे वाच.”

“‘परवान्याची परीक्षा जरूर द्या, पास व्हाल. तोवर नियमात बसत नसले तरी खांबेटे शेजारी असताना त्यांच्या वतीने तुम्ही दोन शब्द बोललात तर माझी हरकत नाही. वर्षानुवर्षांच्या ओळखीखातर एवढे चालेल. दर रविवारी वाट बघतो. आपला, दादामियाँ.’”

पुढच्या रविवारी खांबेट्यांनी आणखी एकदा, शेवटचा प्रयत्न केला. ‘दादामियाँ, मी यज्ञेश्वर आहे,’ असं यंत्रावर वाजवलं.

‘हो वहिनी,’ तिकडून उत्तर आलं. ‘ते म्हणतात तसंच म्हणा. आज त्यांना कसं वाटतंय?’

त्यानंतर खांबेट्यांनी नाव सांगणं सोडून दिलं. दुसरा उपाय नव्हता, आणि बोलणं तर चालू राहत होतं. सुरुवातीला ते प्रत्येक वाक्याआधी ‘हे म्हणतात’ असं घालत. मग तेही गळलं. दादामियाँ वहिनींशी वेगळं बोलत. खांबेट्यांशी त्यांचं बोलणं कामापुरतं, थट्टेचं असे. वहिनींना ते सुनेच्या तक्रारी सांगत, गेलेल्या बायकोची आठवण सांगत, मुलाने आखातातून पाठवलेला मिक्सर कसा लावतात ते विचारत. मिक्सरचं उत्तर खांबेट्यांना माहीत नव्हतं. ते स्वयंपाकघरात विचारून येत आणि वाजवत.

“तुमच्या मित्राला म्हणावं, ओलं खोबरं घालताना पाणी घाला, नाहीतर जळेल,” सुहासिनीबाई आतून सांगत. त्यांना गंमत वाटत होती. निदान सुरुवातीला.

दिवाळीनंतरच्या एका रविवारी दादामियाँनी हवापाण्याचं काहीच विचारलं नाही. त्यांचा हातही नेहमीचा नव्हता. खांबेट्यांच्या ते पहिल्या दोन शब्दांतच लक्षात आलं.

‘वहिनी, तो शेजारी आहे का?’

खांबेट्यांनी ते वाक्य मनात परत एकदा वाजवून बघितलं. दादामियाँनी आजवर त्यांचा एकेरी उल्लेख कधी केला नव्हता. दोघेही एकमेकांना अहो-जाहो करत. त्यांनी पॅडलवर हात ठेवला, मग काढला, मग पुन्हा ठेवला.

‘नाही,’ त्यांनी वाजवलं. ‘आत झोपले आहेत.’

‘मग सांगतो. त्याचा हात दोन वर्षं जात होता. मला कळत होतं. निम्मं वाचता येत नसे. पुन्हा म्हटलं की तो कष्टी होई, ते त्याच्या हातात ऐकू येई. म्हणून मी पुन्हा म्हणणं बंद केलं. अंदाजाने उत्तरं देत होतो. काही वेळा चुकलीही असतील. त्याने कधी दाखवलं नाही.’

खांबेट्यांनी ‘बरं’ वाजवलं. एवढंच जमलं.

‘आता खरं सांगा वहिनी. तो कसा आहे? मी विचारलं हे त्याला सांगू नका.’

खांबेट्यांनी हेडफोन गळ्यात ओढला. सुहासिनीबाई ओट्याशी मेथी निवडत होत्या.

“ते विचारतायत मी कसा आहे.”

“मग सांगा.”

“मला नाही विचारलेलं. तुला विचारलंय.”

सुहासिनीबाईंनी त्यांच्याकडे पाहिलं. मग मेथीची जुडी बाजूला ठेवली, हात धुतले, पुसले आणि गॅलरीत येऊन स्टुलावर बसल्या.

“मी सांगते ते वाजवाल?”

खांबेट्यांनी मान हलवली.

“मध्ये दुरुस्ती करायची नाही. शब्द बदलायचा नाही.”

“नाही करत.”

“वाजवा. शर्टाची बटणं मी लावते.”

त्यांनी वाजवलं. यंत्राने प्रत्येक टिंब मोजून काढलं.

“अंघोळीला जाताना आतून कडी लावू देत नाही. परवा तिथे घसरले. लागलं नाही, पण मी बाहेर होते म्हणून. रात्री कूस बदलून द्यावी लागते. घास घशात अडकतो, म्हणून भात पातळ करते, तर रागावतात. झालं वाजवून?”

“‘रागावतात’ राहिलंय.”

“वाजवा तेही. मागच्या आठवड्यात वाचनालयातून येताना जिन्यात पाय उचलेना. वर येईना, खाली जाता येईना. तिथेच उभे राहिले, कोणाला हाक मारली नाही. मी बघायला उतरले तेव्हा म्हणाले, नोटीस वाचत होतो.”

खांबेट्यांचा हात थांबला. “तिथे नोटीस होतीच.”

“पाण्याची. मागच्या महिन्यातली. दुरुस्ती करायची नाही असं ठरलंय.”

त्यांनी वाजवलं. जिना, पाय, नोटीस. शब्द एकामागून एक बाहेर पडत होते, कुठे अडखळणं नव्हतं. दाभोळला ऐकणाऱ्याला वाटलं असतं, सांगणारी बाई मोठी धीराची आहे.

“औषध वाढवलंय,” सुहासिनीबाई म्हणाल्या. आता त्या त्यांच्याकडे न बघता रिसीव्हरच्या तबकडीकडे बघून बोलत होत्या. “वाढवून फार फरक पडेल असं डॉक्टर म्हणत नाहीत. मला एकटीला उचलत नाहीत. ते मुलीला कळवू देत नाहीत. मी कळवणार आहे. हे पण वाजवा.”

“मुलीचं कशाला?”

“ते मला विचारतायत ना? माझं उत्तर आहे.”

तेही गेलं.  खांबेट्यांनी पट्टीवरून बोट काढलं नाही.

“एवढंच,” त्या म्हणाल्या आणि उठल्या. मेथीकडे परत गेल्या, पण लगेच निवडायला घेतली नाही. पाठमोऱ्या उभ्या राहिल्या.

खांबेट्यांनी हेडफोन कानाला लावला.  हवेतली खरखर तेवढी येत होती.

मग उत्तर आलं. संथ, गोल हात, पण शब्दांमध्ये मोठ्या जागा सोडलेला.

‘सगळं वाचलं. एक अक्षर चुकलं नाही. मुलीला कळवा. आजवर मी त्यालाच बसवा असं म्हणत होतो, ते माझं चुकलं. त्याला आता कळीशी बसवू नका. मीही त्याची वाट बघणार नाही. त्याला उगाच वाटायला नको की कोणी वाट बघतंय. रविवारी तुम्हीच येत जा.’

खांबेट्यांनी ते कागदावर उतरवून घेतलं नाही. नेहमी घेत. पॅडलच्या डाव्या पट्टीवर त्यांचं बोट होतं, उजवीवर अंगठा.  ‘मी ऐकलं,’ असं ते वाजवू शकत होते. पण तेही वहिनींनीच वाजवलं म्हणून वाचलं जाईल, हे आता त्यांना ठाऊक होतं.

“काय म्हणतात?” सुहासिनीबाईंनी आतून विचारलं.

“रविवारी तू येत जा म्हणतात.”

“मग काय सांगताय?”

 त्यांनी ‘बरं’ एवढं वाजवलं. मग ‘येते’ असं वाजवलं. शेवटी नाव घालायचं असतं, ते वहिनी म्हणून बोलायला लागल्यापासून त्यांनी टाळलं होतं. ते आता घातलं: सुहासिनी. इंग्रजीतली आठही अक्षरं, मधल्या जागा सारख्या. दादामियाँनी नेहमीप्रमाणे निरोपाची दोन टिंबं दिली. खांबेट्यांनीही दोन दिली आणि सेट बंद केला.